हातोड्यापलीकडचा चेहरा

२०२४ साल, मी त्र्याहत्तरचा. बबनच्या पोरानं, सुरेशनं, फोनवर सांगितलं, "काका, आबांना झटका आला. तोंडाची डावी बाजू गेली, वाचाही गेली." बबन जाऊन आता सहा आठवडे झाले. मी चौथी शिकलेला, पण हे दुसऱ्या कुणाकडून लिहून घेणार नाही.

आकुर्डीजवळच्या फोर्जिंग कंपनीत, तापलं लोखंड ठोकणाऱ्या यंत्राच्या हातोड्याच्या अल्याड मी, पल्याड बबन, अशी तीस वर्षं गेली. त्या दणक्यात कानात शब्द शिरत नाही. लोखंड गार झालं, चिमटा सुटतोय, फोरमन मागं उभाय... सगळं भुवईवर सांगायचं. एकदा साहेबांनी कँटीनमध्ये फार जुना मुका सिनेमा लावला. रंगवलेले पांढरे चेहरे, तुरुतुरु चाल, मधे मधे इंग्रजी पाट्या. सगळे हसत होते, मीही. पडद्यावर एक बाई नवऱ्याला निरोप देत होती. बबन कानाशी लागला, "मानी हाय ही. रडंल, पर त्याच्यादेखत न्हाई." नवरा गेला, दार लागलं, आणि बाई उभ्या जागी रडली. मी पडदा सोडून बबनकडं वळलो.

"तुला इंग्रजी कवापासनं यायला लागलं रं?"

"पाटी कोण वाचतंय? ओठ हसत हुतं तिचं, डोळं न्हाई. माणूस दाखवतो काय ते सोड, दाबतो काय ते बघ."

कधीच मेलेल्या, परमुलखातल्या बाईचा स्वभाव या गड्यानं एका नजरेत ओळखला होता. पुढं मोबाइल आल्यावर असले सिनेमे तो मला दाखवायचा, आणि मी गप बघायचो. मी सहसा कुणापुढं गप बसत नाही.

चिंचवडच्या दवाखान्यात गेलो तेव्हा सुरेश बबनच्या डाव्या अंगाला, गेलेल्या बाजूला, खुर्चीत बसलेला. "ओळख राहिली नाही, काका. चार दिवस बघतोय, नुसता दगड." मी सवयीनं बबनच्या समोर उभा राहिलो. उजवी भुवई हलली. ओठाचा उजवा कोपरा हसला, डोळा मात्र हसेना. सुरेश चहाला गेला, दार लागलं, अन् त्या डोळ्यातनं पाणी घरंगळलं. अर्ध्या तोंडात अख्खा बबन होता... असं काही मी देवळातही पाहिलं नाही. सुरेशला सांगितलं, तर म्हणाला, "तुम्हाला वाटतंय तसं." बाप जिता असताना पोरगा त्याला गेलेला धरून बसलेला. मी भांडलो, तो ऐकेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी पहिल्या बसनं गेलो. खुर्ची उचलली, पलंगाला वळसा घालून बबनच्या उजव्या अंगाला ठेवली. सुरेश आला तसा त्याला तिथं बसवला आणि म्हणालो, "आता बोलू नको. बघ."