आज्ञाधारक, म्हणून अपात्र

"बाई, चहा सांडू नको. तुझ्या बापाचा टँकर येत न्हाई इथं."

साहेब असं म्हणाले आणि खोलीतले सगळे चेअरमन खदखदून हसले. दुष्काळाचं वर्ष. वडवणीतलं सहकार खात्याचं कार्यालय. चारा डेपो कुठल्या सोसायटीला द्यायचे, याची बैठक. मी वरिष्ठ लिपिक. शिपाई होता, पण चहा मीच द्यायचा असा रिवाज. एका चेअरमननं विचारलं, "साहेब, ह्या बाईचं प्रमोशन हाय म्हणं औंदा?"

"हाय की. कपबश्यांची हेडक्लार्क."

परत हसले. आणि मी? मीही हसले. सगळ्यांच्या आधी. तेव्हाची मी म्हणजे एक नमुनाच होते. पदर सावरून "साहेब लई गमती करतात" म्हणणारी. आज समोर आली तर कानाखाली वाजवीन. वर विचारीन, दुखलं का गं शहाणे?

तिचंही एक कारण होतं. बहात्तरच्या दुष्काळात माय खडी फोडायची, मी शेजारी पाट्या वाहायची. नंतर पंख्याखाली बसायला मिळालं, म्हणून ती खुर्ची साहेबांच्या घरची असल्यासारखी मी वागत होते. खुर्ची दिली कुणी, अन् उपकार मानायची कुणाचे!

पदोन्नतीची यादी लागली. सहकार अधिकारी कोण झाला? माझ्या मागून सहा वर्षांनी लागलेला लिपिक, साहेबांच्या भावकीतला. त्याला टिपणी लिहायला मी शिकवलं. त्या उन्हाळ्यात गावोगावचे चारा डेपो मी तपासले, अहवालावर सही त्याची. पाया पडायला आला. "बाई, आशीर्वाद द्या." दिला! डोक्यावर हात ठेवून दिला.

मग साहेबांकडे गेले. "साहेब, माझं कावून न्हाई झालं?"

त्यांनी फायलीतून मान वर केली नाही. "तुमच्या लोकांना नोकरी भेटली हेच लई झालं. कावून विचारायला कधीपासून शिकलीस?"

अठरा वर्षांत त्या खोलीत मी पहिल्यांदा कावून म्हणाले होते. तोंडातनं निघालं ते परत आत जाईना.

मी अर्ज टाकला. नोकरीच्या तक्रारींचं न्यायाधिकरण औरंगाबादला. वकील आमच्याच समाजातला, माझ्याहून लहान. खात्यानं उत्तर दाखल केलं, त्याला माझा गोपनीय अहवाल जोडलेला. दरवर्षी माझ्याबद्दल काय लिहीत होते, ते मी पहिल्यांदा बघितलं. "आज्ञाधारक. पाहुण्यांच्या सरबराईत तत्पर. हाताखालच्यांवर देखरेख करण्याची कुवत नाही."

पहिला शब्द वाचून मला बरं वाटलं. खोटं कशाला बोलू? बरं वाटलं.

"ताई, हसता काय?" वकील म्हणाला. "ह्याच शब्दानं मारलंय तुमाला."

तेव्हा कळलं. यांनीच चहा द्यायला लावायचा. यांनीच लिहायचं, हिला चहाच जमतो.

न्यायाधीशांनी सरकारी वकिलांना एकच विचारलं, "हा शेरा बाईंना कधी कळवला होता?" ते पानं उलटत राहिले. पानं संपली. निकाल झाला: न कळवलेला शेरा विरोधात धरता येणार नाही. पदोन्नतीचा पुन्हा विचार करा.

मी पेढे घेऊन गेले होते. येडी! मला वाटलं, कोर्टातनं अधिकारी होऊनच बाहेर पडायचं. वकिलानं समजावलं, "कोर्ट प्रमोशन देत न्हाई, ताई. खात्याच्या समितीनं नीट विचार केला का, एवढंच बघतं. विचार परत समितीच करणार."

"म्हंजे कोंबडी कुठं गेली, हे कोल्ह्यालाच इचारायचं?"

"हो. पण कोल्ह्यानं लेखी द्यायचं."

समितीनं दिलं. "विचार केला. अपात्र." बास. कारण नाही.

आठ दिवसांनी साहेबांनी बोलावलं. कागद टाइप करून तयार: माझी तक्रार गैरसमजातून झाली, पुढे कोर्टात जाणार नाही. "सही कर. पुढच्या यादीत बघू. कोर्टकचेरी तुमचं काम न्हाई."

मी खुर्ची ओढली आणि बसले. बस असं कुणी म्हटलं नव्हतं.

"साहेब, गैरसमज झालता खरा. तुमाला मी माणूस समजले."

कागदाचे चार तुकडे करून त्यांच्याच टेबलावर ठेवले. बाहेर आले ती पहिल्या पायरीवरच बसले. मोठी झाशीची राणी! तांब्याभर पाणी प्याले. पण दुसरा अर्ज त्याच आठवड्यात गेला.

तोही मी जिंकले: अपात्र का, ते कारणासह लिहा, असा निकाल. खातं वरच्या कोर्टात गेलं, तिथं प्रकरण पडून आहे. मी वरिष्ठ लिपिक म्हणूनच निवृत्त झाले. साहेब मोठ्या हुद्द्यावरून निवृत्त झाले. बाजारात भेटले की नमस्कार करतात. मी करत नाही.

नात म्हणते, "आज्जी, आता प्रमोशन घेऊन काय करतीस? सोड की."

प्रमोशन कुणाला पायजे? मला त्या "अपात्र"च्या पुढं कारण पाहिजे. सहीशिक्क्यानिशी. जात लिहायची छाती असेल तर जात लिहा. नसेल तर आमची चूक झाली असं लिहा. तिसरं काही मी घेणार नाही. तडजोडीला दोनदा माणसं आली, दोन्ही वेळा दारातनं परत गेली. तारीख लागली की मी एसटी धरते. मी मेले तर माझ्या जागी पोरीचं नाव लावायचं, वकिलाला सांगून ठेवलंय. आमच्या घरात वारशाला जमीन नव्हती. आता भांडण हाय.