पहिल्या पानावरचा पत्ता

बेलिफमामांना बघून कोणी हसत दार उघडल्याचं त्यांना तरी आठवत नव्हतं. कोर्टाची समन्सं आणि नोटिसा सायकलला लावून हा माणूस गल्लीत शिरला की अर्धी गल्ली मागच्या दाराने पसार. मामाही काही कमी नव्हते. पायरीवर फतकल मारून बसायचे, तास न् तास. अठ्ठावीस वर्षांत 'इसम मिळून आला नाही' असा शेरा मारून त्यांनी एकही कागद परत आणला नव्हता, आणि त्याचा तोरा असा की विचारू नका. बायको म्हणायची, तुम्ही लग्न त्या कागदांशीच लावायचं होतं.

त्या सकाळी कारकुनाने हातात गठ्ठा दिला आणि मामांनी वरचं नाव दोनदा वाचलं. नोटीस गोदामवाल्याला होती.

ते प्रकरण त्यांना पाठ होतं. गोदामाला बाहेरून कुलूप घालून बायकांना आत कामाला लावतात, हे पॅकिंगच्या एका पोरीने तपासणीच्या साहेबाला सांगितलं. दुसऱ्या दिवशी गोदामवाल्याने तिला लोखंडी गजाने झोडपलं. जबडा मोडला, डावा कान कायमचा गेला. मामा तिला साक्षीचं समन्स द्यायला गेले तेव्हा तिचे दात तारेने बांधलेले होते. तिने पाटीवर 'पाणी घ्या' असं लिहून दाखवलं. मामा पाणी न पिताच उठले. कोर्टात मात्र चार साक्षीदारणींनी एकच पाढा वाचला, आमची तिकडे पाठ होती. गोदामवाला निर्दोष सुटला. पोरगी खोली सोडून कुठे गेली, कोणालाच कळलं नाही.

आता तिने वरच्या कोर्टात अपील केलं होतं. शाबास, मामा मनात म्हणाले. मग त्यांची नजर पहिल्या पानावर गेली. अपील करणारीचं नाव आणि खाली तिचा नवा पत्ता, खोली नंबरासकट. आणि ही प्रत त्यांनीच नेऊन त्याच्या हातात द्यायची होती.

त्यांनी कारकुनाला विचारलं, हे झाकता येत नाही का? कारकून मान वर न करता म्हणाला की पत्ता असायचाच, तसा नियम आहे, आणि मामांनी वकिली करू नये.

मामांना संताप आला. जिन्याखाली उभं राहून त्यांनी पिन उचकटली, पहिलं पान खिशात घातलं आणि उरलेल्या कागदांना नवी पिन मारली. आयुष्यातली पहिली लबाडी.

गोदामवाला मात्र अगदी गोड. खुर्ची दिली, गुडघे कसे आहेत म्हणून विचारलं. मग कागद उलगडून पिनेवरून अंगठा फिरवला.

"मामा, हे दुसऱ्या पानापासून सुरू होतंय."

"पहिलं मागाहून येईल," मामा म्हणाले. कपाळावरचा घाम पुसायचंही त्यांना सुचलं नाही.

"येऊ दे की. घाई काय आहे." त्याने सही केली आणि त्यांना दारापर्यंत सोडायला आला.

मामांना बाहेर पडल्यावर दम धरवेना. पोरीला आत्ताच्या आत्ता सांगायला हवं, या एकाच विचाराने त्यांनी सायकल हाणली. गुडघे बोंबलत होते. दोन चौक, पूल, छापखान्यामागची गल्ली, तिसऱ्या मजल्यावरची खोली नंबर अकरा. एकदाही मागे वळून पाहिलं नाही त्यांनी. भल्या माणसाला ते सुचतही नाही.

तिने दार उघडलं. मामांना ओळखलं आणि चक्क हसली. खिशातलं पान पुढे करून ते धापा टाकत सांगू लागले, सावध राहा पोरी, घर बदल. खाली मोटारसायकल थांबल्याचा आवाज त्यांना आला. तिला नाही आला.

मामा कठड्याशी गेले. खाली गोदामवाला सीटवर बसल्या बसल्या मजले मोजत होता. मामांना पाहून त्याने ओळखीची मान हलवली आणि सावकाश निघून गेला. ती मामांच्या मागे येऊन उभी राहिली होती. तिने सगळं पाहिलं.

मामांना धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं. ती त्यांच्यावर ओरडली असती तरी चाललं असतं. पण तिने त्यांच्या हातातलं पान घेऊन त्याची नीट घडी घातली.

"मामा, अपील मागे घ्यायचं तर अर्ज कुठे द्यायचा?"

नको घेऊस, मी साक्ष देतो, मी पोलिसांत येतो, असं किती तरी त्यांच्या मनात आलं. तोंडाला मात्र अठ्ठावीस वर्षांची सवय.

"चार नंबरची खिडकी," ते म्हणाले. "तीनच्या आत."