बिनदाराची खोली आणि आम्ही चौघं

भीती वाटावी म्हणून जपानी रहस्यकथा वाचायला घेतल्या, आणि साठले ते किस्सेच! एक सांगायला जावं तर दुसरा आधीच जिभेवर येतो.

कल्पना मेधाताईंची. रेगेन्सबर्गमधल्या आमच्या मराठी मंडळातल्या त्या सगळ्यात वडीलधाऱ्या. "जर्मनची बी-वन परीक्षा द्यायचीय ना? मग जर्मन भाषांतरं वाचा. या पुस्तकांत चित्रं असतात, घरांचे नकाशे असतात, अर्धं काम तिथेच होतं!" त्या, मी, माझा नवरा हेमंत आणि त्याच्या कारखान्यातला निखिल असे चौघं दर रविवारी दुपारी बसायला लागलो. परिणाम असा, की प्रेत, दोर, तळघर हे जर्मन शब्द मला तोंडपाठ, आणि दुकानात दही मागताना मात्र अजून त त प प!

पहिल्याच पुस्तकात एका घराचा नकाशा होता. मधोमध खोली, तिला दारच नाही. आम्ही गारठलो. हेमंत गाड्यांच्या कारखान्यात दिवसभर ड्रॉइंग्ज बघतो. त्याने गोष्ट ठेवली बाजूला आणि नकाशाला पट्टी लावली.

"हा जिना चुकलाय. चढणाऱ्याचं डोकं आपटेल."

"अरे, इथे खून झालाय!"

"गेनाऊ, अगदी बरोबर. पण जिना चुकलाय!"

आम्ही त्याला वेड्यात काढलं. शेवटच्या प्रकरणात सगळं रहस्य त्या जिन्यावरच उलगडलं. लेखकाने तो मुद्दाम चुकवला होता हो! मी नवऱ्याकडे आदराने पाहिलं, लग्नानंतर बहुधा पहिल्यांदाच.

मेधाताईंनी त्याच नकाशात उत्तर दिशा शोधली. "ईशान्येला संडास! या घरात भूत आलं नसतं तरच नवल." आम्ही हसलो. त्या नाही हसल्या.

मग मला वेड लागलं. आमच्या भाड्याच्या घराचा नकाशा काढून बघितला, तर स्वयंपाकघर आणि बाथरूमच्या मध्ये हातभर जागा गायब! लागले भिंत ठोकायला. पाचव्या मिनिटाला खालच्या आजीबाई दारात. "रूहेत्साइट!" म्हणजे दुपारची झोपायची वेळ. मी कसंबसं जर्मनमध्ये सांगितलं, की भिंतीत खोली शोधतेय. त्यांनी मला नखशिखांत न्याहाळलं. "आल्झो... हे बघा, तिथे पाइप आहेत," म्हणाल्या आणि गेल्या. तेव्हापासून जिन्यात त्या आधी मला जाऊ देतात.

एका पुस्तकात दोन साधी चित्रं होती. एक बाई, एक झाड. मेधाताईंनी दोन्ही पानं एकावर एक ठेवून खिडकीच्या उजेडासमोर धरली आणि झाडाच्या जागी माणूस उभा राहिला. अंगावर सर्रकन काटा आला! कुणी चहाला हात लावला नाही. कागदावरच्या चार रेघा माणसाला एवढं गप्प करतात, काय ताकद आहे!

त्यानंतर आम्ही खेळच सुरू केला. प्रत्येकाने आपल्या गावाकडच्या घराचा नकाशा आठवून काढायचा. निखिल कारखान्यात नवा, प्रोबेत्साइटवर, म्हणजे नोकरी अजून कच्ची. त्याने नाशिकचा फ्लॅट काढला आणि जुळवायला आईने पाठवलेले ताजे फोटो पुढे ठेवले.

हेमंत म्हणाला, "दिवाण तू खिडकीखाली काढलायस. फोटोत तिथे टीपॉय आहे."

"आईने हलवला असेल."

"फोटो कोण काढतं?" मेधाताईंनी विचारलं.

"बाबा. म्हणून तर ते फोटोत नसतात."

मेधाताईंनी शोकेसच्या काचेवर बोट ठेवलं. काचेत मोबाइल धरलेली, साडी नेसलेली कुणी बाई दिसत होती.

"निखिल, बाबांशी शेवटचं कधी बोललास रे?"

"रोज विचारतो. आई म्हणते, फिरायला गेलेत."

बोलता बोलता त्याचा चेहरा उतरला. त्याने तिथेच व्हिडिओ कॉल लावला. आई नेहमीच्याच भिंतीपुढे बसलेली, हसतमुख.

"आई, कॅमेरा जरा डावीकडे फिरव ना."

"अरे, पसारा आहे तिकडे."

"फिरव ना गं."

तिने एकदा बाजूला पाहिलं. मग चित्र हळूहळू सरकलं. दिवाण भिंतीला लावलेला होता. त्यावर उशांच्या आधाराने बाबा बसले होते, उजवा हात मांडीवर निपचित.

"नोकरी पक्की होऊ दे त्याची, मग सांगू, असं हेच म्हणाले रे," आईचा आवाज आला.

बाबांनी डावा हात वर केला. शब्द जड येत होते, पण हसत होते.

"सापडलो," म्हणाले.