मागं ऐकू येतंय का?

आधीच सांगते, असल्या गोष्टींवर माझा कधी विश्वास नव्हता. हुबळीच्या कमरीपेठेत एका खोलीत आम्ही सहा माणसं... भूत मावणार कुठं? अप्पा लाउडस्पीकरवाल्याकडं कामाला. बसच्या टपावर कर्णे टाकून अळणावर, कलघटगीला जायचे आणि पहाटे उपाशी परत यायचे. आई चिडायची, "जगाला ऐकवता, तुमच्या पोटाचं कोण ऐकणार?" त्या घरातून मी बी.एस्सी. झाले. घराण्यातली पहिली. हे मी सगळीकडं सांगते, इथंही सांगते.

आता धारवाडला एका खासगी संग्रहात जुन्या मैफलींच्या स्पूल टेप कॉम्प्युटरवर उतरवते. पाठ मोडणारं काम. टेप चिकट झालेली असते. मंद आचेवर वाळवायची आणि मग एकदाच वाजवायची. पुन्हा वाजवायला गेलं तर हाती तपकिरी भुकटी!

गाण्याआधीची माइकची ठोकठोक लोक कापून टाकतात. मी कापत नाही; माइक तपासणाऱ्याचा आवाज त्यातच असतो. अप्पा जाऊन वर्षं झाली, त्यांचा आवाज आमच्याकडं कुठंच नव्हता. त्यात आईचे कान चाललेले. पुढं कानाच्या मशीनचाही उपयोग नाही, असं डॉक्टर म्हणाले. ती एवढंच म्हणाली, "त्याच्याआधी ह्यांचा आवाज ऐकव बाई एकदा."

बऱ्याच टेप उपसल्यावर अळणावरच्या एका मैफलीची आली. तिथं सेट अप्पाच न्यायचे. दुपारी आईला आणून मागच्या खुर्चीवर बसवलं. आमच्या टेक्निशियन बसूअण्णांनी टेप सोडली. खरखर... माइकवर तीन टिचक्या... आणि अप्पा!

"केळस्तदेनु? मागं ऐकू येतंय का?"

आधी कन्नड, मग मराठी – त्यांची पद्धतच ती.

मी वळायच्या आत आई ओरडली, "येतंय हो! जेवलात का?"

स्पीकरमधून आलं, "जेवतो नंतर. गाणं सुरू होऊ दे."

मग तंबोरे लागले.

मांडवात कुणी विचारलं असेल, योगायोग... असं मी धरलं. संध्याकाळी फाइल तपासली. अप्पांचा प्रश्न. मग "येतंय हो! जेवलात का?" – आईचाच, आत्ताचा, कवळीतून शिट्टी वाजणारा आवाज. मग अप्पांचं उत्तर.

"अण्णा, माइक चालू राहिला होता का?"

"अक्का, ह्या खोलीत माइक आहेच कुठं? टेपच्या यंत्रातून वायर सरळ कॉम्प्युटरला. तुम्हीच बघा की!"

बघितलं. माइक नव्हता. टेप पुन्हा लावणं शक्य नव्हतं, तिचा थर यंत्रातच राहिला होता.

आईला सांगितलं तर म्हणाली, "मग? त्यांनी विचारलं, मी सांगितलं. एवढी शिकलीस, ह्यात न कळण्यासारखं काय आहे?"

मला अजून कळलेलं नाही. शोधत बसायचं त्राणही नाही. आईला आता काहीच ऐकू येत नाही. ती मैफल पूर्ण उतरली आहे, काहीही न कापता. सुरुवातीला अप्पा आहेत, आणि आई आहे.