बटाट्याचं धोंडस

शालनकाकी पाकीट दातांनी फोडायच्या. मसाल्याचं असो, सुपाचं असो की दूध पावडरचं. कोपरा दाढेखाली धरायचा, डाव्या हाताने हिसका द्यायचा आणि तोंडातला तुकडा परसात फुंकून टाकायचा. नवऱ्याची बदली मालवणला झाली म्हणून आम्ही त्याच्या गावच्या घरी राहायला आलो, त्या पहिल्याच सकाळी कुंपणापलीकडे मी हे पाहिलं. मला बघून त्या जराही ओशाळल्या नाहीत. "कातर गावासर चाय थंड होता गो," म्हणाल्या आणि मलाही चहाला बोलावलं.

आमच्या वाडीत हे धाडसच होतं. इथे घरोघरी रोज पाट्यावर ओल्या नारळाचं वाटप वाटलं जातं आणि कोणाच्या सुनेने विकतचा मसाला वापरला तर ती बातमी देवळापर्यंत जाते. काकींनी मात्र पाकिटं फडताळाच्या पुढच्या फळीवर मांडली होती, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसतील अशी. कोणी नाक मुरडलं की उत्तर तयार असायचं: "सोप्पा केला म्हणान काय पाप लागता?" त्यातूनही समोरची बाई गप्प बसली नाही तर दुसरं: "हात थकलो म्हणान जीभ थकता काय?"

हाताचं खरंच होतं. आम्ही येण्याच्या आदल्या पावसाळ्यात त्या विहिरीच्या पायरीवर घसरल्या आणि उजवं मनगट मोडलं. हाड वाकडं जुळलं. त्या हातात कपबशी राहायची, नारळ राहायचा नाही. मासे कापणं, खोबरं काढणं, चिरणं, सगळं सुटलं. काकींनी त्याचं फार दुःख केलं नाही. भरल्या घराचं वाटप वाटण्यात जन्म गेला, आता देवाने पेन्शन दिली, असं त्या चारचौघांत सांगायच्या.

त्यांचा एकुलता मुलगा सतीश ठाण्याला. आपण पडल्याचं काकींनी त्याला महिनाभर कळू दिलं नव्हतं. रोज फोनवर "मी बरी आसंय, तू जेवलंस?" एवढंच. गणपतीला तो घरी आला आणि आई दारात डाव्या हाताने निरांजन धरून उभी. तेव्हा तो जो दुखावला तो दुखावलाच. आई पडली याचा त्याला राग नव्हता, तिने सांगितलं नाही याचा होता. काकींना मात्र तो राग कळतच नसे, किंवा कळून त्या काणाडोळा करायच्या.

मोबाइलवर पाककृती बघणं हा त्यांचा दुपारचा उद्योग. एकदा मला हाक मारून बोलावलं. पडद्यावर कुठल्याशा देशातली एक गोरी बाई एका भांड्यात बर्फातले तयार बटाटे ओतत होती, त्यावर डब्यातलं सूप, त्यावर मूठमूठ चीज, आणि सगळं ओव्हनमध्ये ढकलून हात झटकून मोकळी. काकी थक्क झाल्या होत्या. "हिणा एक कांदो चिरूक नाय बघ," म्हणाल्या. "आणि घोव कसो हसत खाता."

ओव्हन वाडीत कोणाकडेच नव्हता. पण आमच्याकडे धोंडस असतंच की. तवशाचा, म्हणजे मोठ्या काकडीचा कीस, तांदळाचा रवा आणि गूळ एकत्र करून टोपात घालतात, खाली निखारे, वरच्या झाकणावरही निखारे, आणि मंद भाजू देतात. काकींनी त्याच चुलीवर गोऱ्या बाईला बसवलं. शीतपेटीतले कापलेले बटाटे, मश्रूम सुपाची पावडर दुधात कालवून, साय म्हणून क्रीमचं खोकं, चिजाच्या चकत्या हाताने फाडून, आणि वरून चुरलेले बटाट्याचे वेफर्स. वेफर्स चुरायला त्या पिशवीवर चक्क लोटी लाटण्यासारखी फिरवायच्या. पहिल्या खेपेला सूप खारट, चीज खारट, त्यात काकींनी सवयीने मीठ घातलं. ते आम्ही भातात कालवून संपवलं. दुसऱ्या खेपेला मात्र माझ्या नवऱ्याने टोप खरवडला. पदार्थाचं नाव काकींनी ठेवलं 'बटाट्याचा धोंडस', आणि तेच वाडीत चाललं.

त्या वर्षी गावपळण आली. आमच्या गावात दर तीन-चार वर्षांनी ग्रामदेवतेने कौल दिला की सगळा गाव, माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री घेऊन शिवेबाहेर जातो आणि तीन दिवस माडाच्या झापांच्या झोपड्यांत राहतो. ते दिवस गाव देवाचा, आत कोणी पाऊल टाकायचं नाही. ऐकणाऱ्याला वनवास वाटेल, पण प्रत्यक्षात ती साऱ्या गावाची सहल असते. व्हाळाच्या, म्हणजे ओढ्याच्या काठावर चुली मांडलेल्या, पत्ते, भजनं, आणि दर जेवणाला एका घराची पाळी.

सतीशही आला, आणि येताना परतीची दोन तिकिटं काढून आला. गावपळण संपली की घराला कुलूप लावायचं आणि आईला ठाण्याला न्यायचं, असं त्याने ठरवलं होतं. काकींचा चेहरा एवढासा झाला. ठाण्याला त्या एकदा राहून आल्या होत्या. "थय माका खिडकीतसून दुसऱ्याची खिडकी दिसता," असं त्याचं वर्णन त्या करायच्या. त्यांना जायचं नव्हतं, मुळीच नव्हतं, आणि मुलाशी भांडायचंही नव्हतं. शेवटी त्यांनी पैज लावली. "आपल्या पाळीचा जेवाण मी एकटी करतंय. कोणी हात लावचो नाय. जमला नाय तर तू म्हणशीत थय येतंय." सतीश अर्धवट हसला आणि बरं म्हणाला.

दुसऱ्या दिवशी दुपारची काकींच्या घराची पाळी. काकींनी सकाळीच तीन दगडांची चूल मांडली. करवंट्यांचे निखारे फुलले. मासळीच्या थर्माकोलच्या पेटीत बर्फ घालून बटाटे आणले होते, ते टोपात पडले. त्यांना बांगड्याचा वास येत होता. काकी म्हणाल्या, ही मालवणी चव. सूप झालं, क्रीम झालं. मग त्यांनी पिशवीत हात घातला, सगळी पिशवी जमिनीवर उपडी केली, आणि तशाच बसून राहिल्या. चीज घरी राहिलं होतं. वितळू नये म्हणून निघताना शेवटी घ्यायचं ठरवलेलं, ते फ्रिजच्या दारातच होतं. आणि घर शिवेच्या आत.

"त्यात काय, मी धावत जाऊन आणतो," सतीश म्हणाला. "कोण बघतंय?"

"जावचा नाय," काकी म्हणाल्या. "गाव रिकामो म्हणजे रिकामो."

"मग बघ आई. हेच म्हणतोय मी. आज चीज विसरलीस, उद्या गॅस विसरशील."

आजूबाजूच्या झोपड्यांतून बायका बाहेर डोकावल्या. काकींची जीभ अडलेली मी आयुष्यात तेवढी एकदाच पाहिली. मला इतकं वाईट वाटलं की मीच उठून शीव ओलांडावी असं वाटलं. पण काकींनी तोपर्यंत डाव्या हाताने मोबाइल काढला होता, आणि तो शेजारच्या मसुरे गावच्या बाजारातल्या दुकानदाराला लागला.

"गुरु, शालन बोलतंय. तां चपट्या चिजाचा पाकीट आसा मा तुझ्याकडे? आसतीत तितकी दी. बाबल्याची रिक्षा आता शाळेकडे उभी आसतली, तेच्याकडे दी. आणि तेका सांग, गावातसून येव नको, वळसो घालून ये."

बाबल्याची रिक्षा खरंच मसुऱ्याच्या शाळेकडे उभी होती. काकींना कुठली रिक्षा कुठे असते, कुठल्या दुकानात काय संपलंय, कोणाचा नातेवाईक कधी कुठून येतोय, सगळं घरबसल्या ठाऊक असायचं. वळशात वेळ गेला, निखारे विझले, पुन्हा फुलवले. अखेर रिक्षा आली. त्यात चीज होतं, दोन प्रवासी होते आणि "काकीक पुरतला मा?" असं विचारणारा बाबल्याही होता. त्या दोन प्रवाशांनाही काकींनी जेवायला बसवलं.

जेवण झालं आणि झकास झालं. एक बाजू करपली होती, ती काकींनी स्वतःच्या पानात वाढून घेतली. म्हाताऱ्यांनी "ह्येत मासो खंय?" म्हणत दोनदा मागून घेतलं. ज्या बायका पाकिटांना नाकं मुरडायच्या त्यांनी सुपाचं नाव विचारून घेतलं. मी तर मनातल्या मनात काकींच्या घराचं कुलूप उघडून टाकलं होतं. सतीशही पोटभर जेवला, पण त्याचा चेहरा उतरलेलाच होता.

पानं उचलताना तो मला म्हणाला, "वहिनी, तिला जेवण करता येतं हे मला माहीत होतं हो. फोन करून माणसं हलवता येतात, तेही पाहिलं. पण परत पडली तर ती मला सांगेल का? नाही सांगणार. दुसऱ्या कोणाकडून कळेल." तो खरं बोलत होता.

इतक्यात चुलीकडून काकींची हाक आली. "सतीश, हय ये."

त्यांच्यापुढे तो मोठा टोप होता, तळाशी चीज करपून दगड झालेलं. उजव्या हाताने तो धरायचा त्यांनी प्रयत्न करून पाहिला असावा, कारण मनगट त्यांनी पदराखाली घेतलं होतं. "ह्यो माझ्यान घासूक होवचो नाय," त्या म्हणाल्या. "तू घास."

हे त्या हळू बोलल्या नाहीत. सगळ्या वाडीदेखत बोलल्या. जिने कोणी हात लावायचा नाही अशी पैज लावली होती, जी आमच्यापैकी कोणालाही कळशी उचलू द्यायची नाही, ती बाई ठाण्याच्या साहेबाला टोप घासायला सांगत होती. सतीश टोप उचलून व्हाळावर गेला, पँट गुडघ्यापर्यंत दुमडली, राख आणि काथ्या घेऊन उकिडवा बसला. काकी त्याच्या मागे जाऊन उभ्या राहिल्या आणि कडा कशा घासायच्या ते सांगू लागल्या. मी भांडी विसळायचं निमित्त करून जवळच रेंगाळले.

घासता घासता मान वर न करता तो म्हणाला, "आई, परत पडलीस तर?"

"पयलो फोन तुका."

"खरंच?"

"टोप दिलंय मा घासूक तुका," काकी म्हणाल्या. "आणखी काय होया?"

तो हसला नाही. त्याने पाठ फिरवून तोंडावर पाणी मारलं आणि पुन्हा टोप घासायला लागला. कौल मिळाला, गाव पुन्हा भरला, आणि तो ठाण्याला एकटाच गेला.

त्यानंतर काकींनी त्याला फोनांनी भंडावून सोडलं. पंप बिघडला, डोळ्यांत थेंब कोणते घालायचे, मांजरी व्याली. तो कामात असायचा, वैतागायचा, पण उचलायचा. पुढे दोन-एक वर्षं हे असंच चाललं.

मागच्या माघात एका सकाळी मी भात वेळून पेज काढत होते आणि माझा फोन वाजला. सतीश होता. "वहिनी, आईच्या छातीत दुखतंय. लवकर जा." आमच्या दोन घरांमध्ये एक कुंपण आहे. काकींनी नुसती हाक मारली असती तरी मला ऐकू आली असती. मी धावत गेले. त्या मागच्या पडवीत भिंतीला टेकून बसल्या होत्या. डोळे मिटलेले होते, श्वास संथ चालला होता, आणि डाव्या हातातला मोबाइल चालूच होता. दुसऱ्या फोनवरून मला बोलावणारा सतीश या फोनवर आईशी बोलत होता. डॉक्टर येईपर्यंत मी तो त्यांच्या कानाशी धरून ठेवला.