केराबाई, अर्थासकट

"केरा? म्हणजे कचराच ना?"

बाईंनी विचारलं आणि ऑफिसातले तिघं हसले. नायगावच्या नव्या टॉवरमधली बालवाडी, माझा कामाचा पहिला दिवस. बाई म्हणजे शाळेच्या मालकीण. त्यांनी खण उघडला, माझ्याआधीच्या मदतनीस बाईचं पडून राहिलेलं कार्ड काढलं आणि माझ्या साडीला अडकवलं. सुमन. म्हणाल्या, पालकांना हेच बरं वाटेल.

मी ते कार्ड राहू दिलं. नोकरी हवी होती. अकरा वर्षं त्या हाकेला वळत राहिले. मुलांना सांभाळायचं, शू-शीला न्यायचं, आणि अक्षर चांगलं म्हणून याद्याही माझ्याचकडे. हजेरी. डबे. कुणाला शेंगदाणे चालत नाहीत. एकाही यादीत चूक नाही. फक्त प्रत्येकीच्या खाली 'सुमन' अशी सही. ती मीच केली, कुणी हात धरून करून घेतली नाही.

यंदा बाईंनी नावांचा दिवस ठरवला. मुलाचं नाव, अर्थ, ते कुठल्या भाषेतून आलं. पालकांनी लिहून पाठवलं, मी यादी केली. नूर, अरबी, प्रकाश. सांडोर गावचा डॉमिनिक, लॅटिन, प्रभूचा. आरव, संस्कृत, नाद. शेवटी आम्ही कामाची माणसं. सुमन, संस्कृत, फूल. लिहिताना हात थांबला नाही, हे आज सांगायला लाज वाटते.

त्याच दुपारी पाचूबंदरच्या कोळीवाड्यातून आई आली. भावाला बोटीवर लागलं होतं, दवाखान्यात नेलं होतं. शाळेत आमचे फोन बंद असतात. तिनं फाटकावर केराबाईला बोलवा म्हणून सांगितलं. वॉचमन नवा. त्यानं फाटकावरची कामाच्या माणसांची यादी पाहिली, अशी कोणी इथं नाही म्हणाला. यादी माझ्याच हातची. शाळा सुटेपर्यंत आई बाहेर उन्हात बसून राहिली.

दवाखान्याच्या वाटेवर रिक्षात ती एवढंच बोलली. "तीन पोरां गेली माजी. या नावान तू जगलीस. आनि तो म्हनतो, अशी कोन नाय."

मला सगळं ठाऊक होतं. माझ्याआधीची तीन तान्हेपणीच गेली. म्हणून जन्मल्याबरोबर मला दारामागच्या उकिरड्यावर ठेवलं. शेजारणीनं झाडूनं सुपात ओढलं आणि आईनं मूठभर तांदूळ देऊन मला तिच्याकडून परत घेतलं. केराला मरण हात लावत नाही, म्हणून केरा.

भाऊ वाचला. दुसऱ्या दिवशी मी नावांच्या दिवसाच्या यादीतली शेवटची ओळ बदलली. केरा, मराठी, मरणाच्या नजरेतून लपवलेली मुलगी.

बाईंनी वाचलं. "सुमन, हे काढ. कार्यक्रमाची मजा जाईल."

"नाही काढणार."

"मग तुझं नावच नको यादीत."

"मग यादी दुसऱ्या कुणाकडून करून घ्या."

ऑफिसात कुणी हसलं नाही. बाईंनी मला सोमवारपर्यंत विचार करायला सांगितलंय. विचार झालेला आहे. मी बाहेर गेले आणि वॉचमनला माझं नाव दोनदा म्हणायला लावलं. नोकरी राहो, जावो. मी इथं आहे तोवर माझ्या आईला फाटकावर कुणी 'अशी कोणी इथं नाही' म्हणणार नाही.