सावाच्या अंगणातलं पहिलं हसू

सावा ब्रुस्तुर गेला तो ऐन गवतकापणीत. ब्राडेत या गावात माणूस गेला की दोन कामं आधी होतात. पाद्रीबाबांकडे सांगावा जातो, आणि माळ्यावरचे लाकडी मुखवटे खाली निघतात. पाद्रीबाबा आत मृताच्या उशाशी प्रार्थना म्हणतात. दिवस कलला की बाहेर अंगणात शेकोटी पेटते आणि तिच्याभोवती मुखवटेवाले ‘म्हातारे’ येऊन नाचतात, बरळतात, गेलेल्याची टिंगल करतात. घरच्यांना हसवायचं, एवढंच त्यांचं काम. पहिलं हसू थोरल्या मुलाचं. तो हसल्याशिवाय विधवेनं हसायचं नाही. घर हसलं की मेलेला हलका होऊन वाटेला लागतो, नाही हसलं तर त्याचा पाय उंबऱ्यात अडकतो. पाद्रीबाबा हे काही मानत नाहीत. खिडकीतून बघतात मात्र.

या गावातला सगळ्यात पट्टीचा ‘म्हातारा’ म्हणजे खुद्द सावा. धंदा लाकूडतोडीचा. एरवी दिवसभर तोंडातून शब्द फुटायचा नाही, पण बोकडाच्या कातड्याची दाढी लावलेला तो मुखवटा चढला की आतून कुणी दुसराच बोलायला लागायचा. गिरणीवाला गेला तेव्हा सावानं त्याच्या बायकोला असं हसवलं की तिला उचकी लागली, नवऱ्याचं दफन होऊन लोक घरी गेले तरी ती थांबेना. आत कोण आहे ते पोराटोरांनाही ठाऊक असायचं, पण नाव कुणी घ्यायचं नाही. मुखवट्याला नाव नसतं, हा नेम.

सावाचा थोरला मुलगा एनाके हा डॅन्यूबकाठच्या शहरात नट होता, पोट नाटकांवरच चालायचं. राजधानीत नाटक शिकायला गेला तेव्हा मास्तरीणबाई म्हणाल्या होत्या, “एनाके, तुझ्या तोंडात अजून मेंढ्या चरताहेत, आधी त्यांना हाकल.” त्यानं हाकलल्या, गावची बोली जिभेवरून पुसली. मग रंगमंचावर निरोप्या झाला, नोकर झाला, राजाचा भाऊ झाला, आणि केस पांढरे व्हायला लागले तेव्हा कुठे राजा झाला. सिनेमात मात्र त्याच्या नशिबी कायम वर्दी. स्टेशनमास्तर, तुरुंगाचा जेलर, एकदा जर्मन कप्तान. तो कप्तानाचा सिनेमा गावच्या सभागृहात आला तेव्हा मारिंका आत्यानं उभं राहून पडद्याला झापलं, “मेल्या, आईला चार ओळी लिहायला वेळ नाही आणि इथे लोकांची गावं जाळत हिंडतोस!”

सावा सिनेमाला गेला नाही. “मुखवट्याशिवाय, उघड्या तोंडानं दुसऱ्याचं सोंग कसं आणतात?” एवढंच तो म्हणायचा.

नाटकाला मात्र एकदा आला. एनाकेच्या आईनं, आनिकानं, नवऱ्याबरोबर मेंढीच्या दुधाचं चीज बांधून दिलं होतं. एनाकेनं बापाला पहिल्या रांगेत बसवलं. नाटकाच्या शेवटी राजा मरायचा. एनाके सोनेरी पलंगावर हात जोडून पडला, दिवे मंद झाले, अख्खं नाटकघर श्वास रोखून बसलं. समोर मढं, आणि त्याच्याशी बोलायला कुणी पुढे होईना. सावाला ते बघवेना. तो उठला, टोपी काढली, छातीवर क्रूसाची खूण केली, मंचाच्या काठाशी गेला आणि मुखवट्यातल्या त्या चिरक्या आवाजात ओरडला, “अरे आळशा! मरायला एवढी सोन्याची खाट लागली होय तुला? खाली ये, मेंढ्यांच्या कासा फुटायला आल्यात!”

नाटकघर हसून असं फुटलं की पडदा पाडावा लागला.

रंगपटात एनाके अजून मुकुटातच होता. “तात्या, माझं हसं केलंत तुम्ही!”

“मेलेल्याला हसवून धाडायचं असतं, पोरा.”

“कोण मेलं होतं? हे तुमचं अंगण नाही! परत येऊ नका इथे.”

सावानं टोपी घातली. चीजचं गाठोडं आरशापुढे ठेवलं आणि तो स्टेशनकडे गेला. परत आला नाही. पुढे एनाके सुटीत गावी जायचा तेव्हा बापलेक पावसापाण्याचं बोलायचे, मेंढ्यांचं बोलायचे. ते एक वाक्य सोडून सगळं बोलायचे. एनाके दर वेळी म्हणायचा, पुढच्या उन्हाळ्यात माफी मागू. आणि पुढच्या उन्हाळ्यात तार आली.

तो पोचला तेव्हा शेकोटीला काटक्या लावणं चाललं होतं. आनिका दाराजवळच्या बाकावर बसली होती, डोळे कोरडे, हात मांडीवर पालथे. एनाके शेजारी टेकला. मुखवटेवाले आले ते जेमतेम तिघे, कारण जवान पोरं कारखान्यांत गेलेली. पुढे होता लुपूआबा, सावाचा जन्माचा जोडीदार.

“सावा मेला कोण म्हणतं?” मुखवट्यातून लुपूआबा किंचाळला. “वरून निरोप आला, देवाचं सरपण ओलं निघालंय, धूर फार होतोय. गेलाय बिचारा फोडायला!”

“तिथे तरी रांगेत उभा राहिला असेल का?” दुसऱ्यानं विचारलं.

“रांग? पुढे घुसला असेल! इथे ब्रेडच्या रांगेत काय करायचा?”

शेजारपाजार हसला. आनिका मुलाकडे बघत राहिली. एनाकेला हसू येईना. मग त्यानं नटानं करावं ते केलं. मान मागे टाकली आणि छातीतून घुमवत हसला, शहरात ज्या हसण्याला टाळ्या पडायच्या तसंच.

शेजारी एकमेकांकडे बघायला लागले.

“वा!” लुपूआबा म्हणाला. “तिकीट कुठे मिळतं याचं?”

आनिकानं हळूच मुलाच्या गुडघ्यावर हात ठेवला. “असलं नको रे. आत बाप आहे. त्याला कळतं.”

एनाके उठून गोठ्यामागे गेला. थोड्या वेळानं लुपूआबा आला, मुखवटा कपाळावर सरकवून.

“आबा, मला नाही हसू येत. मी त्याला नाटकघरातून हाकललं होतं.”

“ठाऊक आहे. सांगितलं होतं सावानं.”

“काय म्हणाला?”

“म्हणाला, पोरगं इतकं खरं मरतं लुपू, की मी फसलो. आयुष्यभर मढी बघितली आणि फसलो.” लुपूआबानं नाक शिंकरलं. “आठवडाभर हेच सांगत होता. जो भेटेल त्याला.”

एनाकेनं हात पुढे केला. मग म्हणाला, “तो मुखवटा द्या.”

“थोरल्यानं घालायचा नसतो.”

“द्या आबा.”

लुपूआबानं मुखवटा कपाळावरून काढला. “मुखवट्याला नाव नसतं, असा नेम आहे. आत कोण ते मी तरी कशाला बघू?” आणि त्यानं मुखवटा त्याच्या हातात देऊन पाठ फिरवली.

शेकोटीपाशी म्हातारा परत आला तो किंचित उंच झालेला. बाकावर आनिकाशेजारची जागा रिकामी होती. सगळ्यांनी ती पाहिली, पण नाव कुणी घेतलं नाही. म्हातारा थेट खिडकीशी गेला. जीभ आता गावचीच होती, मेंढ्या सगळ्या परत आल्या होत्या.

“सावा! ऐकतोस का? तुझं पोरगं आलंय म्हणे शहरातून. मोठा नट! राजांची भाषणं तोंडपाठ, जर्मनांची तोंडपाठ. बापाला सांगायचं एक वाक्य होतं, तेवढं मेल्याचं पाठ होईना! इतकी वर्षं तालीम करतोय. आता आलाय, तर बघणारा झोपला!”

कुणीतरी खुदकन हसलं. म्हाताऱ्यानं पुढचं बोलायला हात वर केला, आणि लाकडाच्या आतून एकदम काहीतरी फुटलं. आधी खोकल्यासारखं, मग हसू, दम तुटेपर्यंत, बोकडाची दाढी गदगदा हलवणारं. त्यात रडू किती होतं ते मुखवट्यावरून कुणाला कळणार? पण हसू थोरल्या मुलाचं होतं, आणि खरं होतं.

आनिकाचे खांदे हलले. मग तीही हसली, डोक्याच्या रुमालाची कड तोंडाला धरून.

“म्हाताऱ्या, बडबड पुरे,” ती म्हणाली. “माझा एनाके इथे असता ना, तर बोलायचं कसं ते तुला शिकवलं असतं त्यानं.”

आणि ती उठली. उकडलेल्या गव्हाच्या गोड प्रसादाचं ताट घेऊन आधी त्याच्यापुढे गेली. मुखवट्याला तोंड उघडता येत नाही, म्हणून तिनं घास त्याच्या तळहातावर ठेवला आणि त्याची बोटं स्वतःच मिटून दिली.